थंड कोळंबीचं स्प्रेड: पाणी आवरलं की निम्मं काम झालं

प्रश्न थोडक्यात असा आहे. डिसेंबरात बडोद्याच्या निझामपुऱ्यातल्या घरी वडिलांच्या निवृत्तीची पार्टी आहे. तीस माणसं येणार, त्यातली निम्मी शाकाहारी. आदल्या दिवशी करून ठेवता येईल आणि पाहुणे आल्यावर गॅसपाशी उभं राहावं लागणार नाही, असा कोळंबीचा थंड पदार्थ हवाय, खाखऱ्यावर किंवा ब्रेडवर लावून खाता येईल असा. मागच्या खेपेला उकडलेली कोळंबी क्रीम चीजमध्ये कालवली होती. दोन तासांत वाटीच्या कडेनं पाणी सुटलं, चव मचूळ झाली, आणि आजी "दह्यादुधात मासे कसले घालता" म्हणून पानावरून उठल्या.

मी बडोद्यात बावीस वर्षं घरगुती ऑर्डरी घेते. हे स्प्रेड किमान दीडशे वेळा तरी केलं असेल, आणि सुरुवातीच्या दोन वर्षांत माझ्याही वाट्यांना असंच पाणी सुटायचं. म्हणून आधी पाण्याचंच सांगते. मसाले कोणते, सजावट कशी, हे सगळं त्याच्या नंतर.

स्प्रेडमध्ये पाणी तीन ठिकाणांहून येतं. कोळंबीतून, दह्यातून किंवा चीजमधून, आणि कच्च्या कांदा-काकडीतून. मीठ पडलं की तिन्ही पाणी सोडायला लागतात, आणि फ्रीजमधल्या रात्रभरात ते सगळं वाटीच्या तळाशी आणि कडेला जमतं. वरून कितीही ढवळलं तरी ते पुन्हा मिसळत नाही, मिसळल्यासारखं दिसतं आणि पंधरा मिनिटांनी परत सुटतं. तेव्हा पाणी आत जाण्याच्या आधीच काढायचं.

बाजारापासून सुरुवात करू. सोळा-सतरा जणं मासे खाणारी धरली आणि माणशी चाळीस ग्रॅम स्प्रेड धरलं, तर ७०० ग्रॅम पुरतं. त्याला सोललेली, दोरा काढलेली ५०० ग्रॅम कोळंबी लागते, म्हणजे डोक्या-सालासकट घेतलीत तर एक किलो, कारण निम्मं वजन डोकी आणि सालात जातं. मोठ्या कोळंबीवर पैसे घालवू नका. चिरूनच टाकायची आहे, मध्यम आकाराची आणि ताजी असली की झालं. डोकं अंगाला घट्ट चिकटलेलं हवं, लोंबत असेल तर नको. मानेपाशी काळे डाग पडायला लागले असतील तर पकडून बराच वेळ झालाय. अमोनियासारखा झणका आला तर भाव कितीही उतरवला तरी उचलू नका, कारण थंड पदार्थात तो वास लपवायला ना फोडणी असते ना मसाला.

खंभातचं आखात आपल्यापासून फार लांब नाही, पण बडोद्याच्या बाजारात येणारी मासळी बर्फात एक-दोन दिवस प्रवास करून आलेली असू शकते. त्यात कमीपणा काही नाही, बर्फ तुटला नसला की माल चांगला राहतो. मासळीवाल्याची पाटी बघताना मी आधी बर्फ बघते आणि मग मासे. घरी आणतानाही थर्माकोलच्या डब्यात बर्फ घालूनच आणा. आणल्यावर साध्या पाण्यात बुडवून ठेवू नका. पुष्कळ घरांत "स्वच्छ होऊ दे" म्हणून तासभर पाण्यात ठेवतात, त्यात चवही जाते आणि कोळंबी पाणी पिऊन फुगते.

तळ्यात वाढवलेली वन्नामेई जातीची कोळंबी या कामाला उत्तम चालते. भारतात तिची शेती करायला २००९ मध्ये परवानगी मिळाली आणि आता सुरत, नवसारी, वलसाडकडच्या खाऱ्या तळ्यांतून ती भरपूर निघते. चव समुद्राच्या कोळंबीपेक्षा थोडी सौम्य आणि गोडसर असते, स्प्रेडला ती जुळते. पावसाळ्यात, जून-जुलैमध्ये, पश्चिम किनाऱ्यावर यांत्रिक बोटींना मासेमारी बंद असते, त्या दिवसांत तर मी तीच घेते. फ्रोझन पाकीट घेतलंत तर दोन गोष्टी बघा. कोळंबीवर बर्फाचा पातळ लेप असतो आणि वजनात तो धरलाय की नाही हे पाकिटावर लिहिलेलं असतं. आणि घटकांमध्ये फॉस्फेट लिहिलं असेल तर ती कोळंबी पाणी धरून ठेवायला भिजवलेली आहे. असल्या पाकिटातली कोळंबी शिजवताना अर्धी वाटी पाणी सोडते आणि चावताना रबरासारखी लागते. पाकीट आदल्या रात्री चाळणीत काढून, खाली ताट ठेवून, फ्रीजमध्येच सुटू द्या. ओट्यावर नाही.

आता शिजवणं. बहुतेक कृतींत कोळंबी उकळत्या पाण्यात टाकायला सांगतात. मी आता तसं करत नाही. सोललेली कोळंबी फडक्यावर पसरून कोरडी करते, जाड बुडाच्या रुंद कढईत अर्धा चमचा तेल घालून एका थरात टाकते, चिमूटभर मीठ, चिमूटभर हळद, वर झाकण. मध्यम आचेवर दीड मिनिट, मग उलटून आणखी मिनिटभर. कोळंबी इंग्रजी सी अक्षरासारखी वाकली की झाली. पूर्ण गोल वेटोळं झालं म्हणजे जास्त शिजली आणि आता ती आकसून आणखी पाणी सोडणार. ताटात काढून एका थरात पसरा, ढीग करू नका, ढिगातल्या मधल्या कोळंब्या स्वतःच्या वाफेत शिजत राहतात.

कढईत जे पाणी उरतं ते फेकू नका. कोळंबीचा सगळा अर्क त्यात असतो. ते तिथेच आटवा, चमचाभर दाट रस राहीपर्यंत, आणि गार करून स्प्रेडमध्ये घाला. पाणी काढायचं म्हणजे चवही काढून टाकायची असं नाही. पाणी उडवायचं, चव ठेवायची. उकळत्या पाण्यात शिजवलेल्या कोळंबीची चव त्या दोन लिटर पाण्यात जाते आणि मोरीत ओतली जाते. मागच्या वेळचा मचूळपणा बहुधा तिथूनच आला असणार.

कोळंबी गार झाली की कोरड्या सुती फडक्यात गुंडाळून हलक्या हातानं दाबा. मी त्यासाठी जुन्या धुतलेल्या पंच्याचे तुकडे वेगळे ठेवलेत. मग चाळणीत घालून, वर काही न झाकता, किमान अर्धा तास फ्रीजमध्ये. फ्रीजची कोरडी हवा वरचं पाणी ओढून घेते.

सालं आणि डोकी. इथे थोडं थांबते, कारण या पदार्थाचा सगळा रंग आणि निम्मी चव या कचऱ्यातून येते. कोळंबीच्या सालात अ‍ॅस्टाझँथिन नावाचं नारिंगी रंगद्रव्य असतं. कच्च्या कोळंबीत ते प्रथिनाला बांधलेलं असतं म्हणून ती राखाडी-निळसर दिसते. उष्णतेनं ते प्रथिन सुटतं आणि कोळंबी लाल होते. हे द्रव्य पाण्यात विरघळत नाही, स्निग्धात विरघळतं. म्हणून सालं धुऊन, कोरडी करून, १०० ग्रॅम लोण्यात मंद आचेवर बारा-पंधरा मिनिटं परतायची. सालं कुरकुरीत होतात, लोणी केशरी होतं आणि घरभर भाजक्या कोळंबीचा वास सुटतो. डोकी अगदी ताजी असतील तरच घाला, शिळ्या डोक्यांनी कडवटपणा येतो.

आता हे लोणी सालांना चिकटून बसतं, नुसतं गाळलं तर निम्मंच हाती लागतं. तेव्हा पातेल्यात दोन वाट्या गरम पाणी ओता, पाच मिनिटं उकळा, गाळणीतून दाबून गाळा आणि ते पाणी फ्रीजमध्ये ठेवा. तीन-चार तासांत वर केशरी लोण्याची चकती जमते. ती उचलायची, खालची बाजू टिपकागदानं टिपायची. साधारण ६०-७० ग्रॅम निघतं. खाली उरलेल्या पाण्याची कोळंबीची खिचडी करा, फार सुरेख होते. दुकानातलं पिवळं लोणी खारट असतं, ते वापरलंत तर पुढे मीठ घालताना लक्षात ठेवा. या पद्धतीत बरंचसं मीठ पाण्यात उतरतं, पण सगळं नाही.

इंग्लंडच्या लँकेशायरकडे, मोरेकँब उपसागराच्या काठावर, बारीक तपकिरी कोळंबी जायपत्री घातलेल्या लोण्यात मुरवून लहान भांड्यांत गोठवून ठेवतात आणि टोस्टवर खातात. जुनी पद्धत आहे, लोण्याचा थर हवा अडवतो म्हणून पदार्थ टिकायचा. तिथून मी जायपत्री उचलली. लोणी परतताना तिची एक लहान पाकळी टाका, एकच. दोन टाकल्या तर बासुंदीचा वास येतो.

आता पाया कशाचा? क्रीम चीज चालतं, पण आपल्या घरांत त्याहून चांगली गोष्ट आहे: श्रीखंडाचा चक्का, ज्याला इथले गुजराती मस्को म्हणतात. एक लिटर सायीच्या दह्याचा साधारण ३५०-४०० ग्रॅम चक्का पडतो, आपल्याला २५० ग्रॅम लागेल. बाकीचा शाकाहारी वाटीसाठी. दही आंबट नको, त्याच दिवशी लागलेलं हवं. टांगायचं ते खुंटीला नाही, फ्रीजमध्ये. चाळणीत फडकं घालून दही ओता, फडक्याची टोकं बांधा, वर ताटली आणि त्यावर वजन ठेवा, खाली पातेलं. किमान दहा तास. बाहेर टांगलेला चक्का डिसेंबरातही आंबट होत जातो, आणि कोळंबीच्या गोडव्याला तो आंबटपणा मारतो. बोटानं दाबल्यावर खळगा तसाच राहिला पाहिजे. पुरणाइतका घट्ट हवा, शिऱ्याइतका सैल नको.

मेयोनेज तीन मोठे चमचे घालते, नुसता गुळगुळीतपणा यावा म्हणून. गुजरातच्या दुकानांत बहुतेक बाटल्या बिनअंड्याच्या असतात आणि गोड असतात, म्हणून तीन चमच्यांच्या पुढे जाऊ नका. कच्च्या अंड्याचं घरचं मेयोनेज आदल्या दिवशी करून पार्टीला वाढणं मी कधीच करत नाही. त्यातला धोका मला कोणाच्या घरच्या समारंभावर ओढवून घ्यायचा नाही.

तिखटपणासाठी विलायती मोहरीची बाटली शोधत हिंडू नका. आपली फेसलेली मोहरी तिच्याहून वरचढ आहे. राईचे कुरिये (मोहरीची डाळ), लोणच्याला घेतो तेच, दोन चमचे घेऊन खलात कुटा आणि गार पाण्याचे थेंब टाकत फेसा. नाकात चढायला लागली की झाकून दहा मिनिटं ठेवा. मोहरीचा झणका तिच्यातल्या एका एन्झाइमच्या क्रियेनं तयार होतो आणि त्याला गार पाणी आणि थोडा वेळ लागतो. गरम पाणी किंवा लिंबू आधीच घातलंत तर ती क्रिया मंदावते आणि मोहरी नुसती कडू राहते. दहा मिनिटांनंतर लिंबाचे थेंब टाका, मग झणका टिकतो.

परदेशी कृतींत इथे शेरी किंवा ब्रँडी घालतात. आपल्याकडे दारूबंदी आहे, तो प्रश्नच नाही. त्याऐवजी उसाचा सिरका, नवसारीकडची पारशी मंडळी लोणच्यात वापरतात तो, एक लहान चमचा. त्यात गुळाची आणि लाकडाची एक खोल चव असते जी लिंबात नाही. लिंबू वाढायच्या वेळेला, सिरका कालवतानाच.

हिरवं काय घालायचं? डिसेंबर ते फेब्रुवारी बडोद्यात असाल तर उत्तर एकच, लीलं लसण, म्हणजे पातीसकट मिळणारी हिरवी लसूण. खंडेराव मार्केटात उंधियुच्या भाज्यांशेजारी जुड्या लागलेल्या असतात. फक्त हिरवी पात घ्या, अगदी बारीक चिरा, दोन मोठे चमचे. पांढरा भाग कच्चा घालू नका, रात्रभरात तो उग्र होत जातो आणि सकाळी सगळं स्प्रेड लसणीच्या चटणीसारखं लागतं. इतर महिन्यांत कांद्याची पात. कच्चा कांदा घालायचाच असेल तर बारीक चिरून मीठ लावा, पंधरा मिनिटांनी पिळा, गार पाण्यानं धुवा, पुन्हा पिळा. काकडी स्प्रेडमध्ये मुळीच नको, बाजूला चकत्या ठेवा.

कालवताना मिक्सरचा मोह टाळा. सगळी कोळंबी मिक्सरमधून काढली की चिकट लापशी होते, खाणाऱ्याला आत कोळंबी आहे हे वासावरूनच ओळखावं लागतं. मी एक तृतीयांश कोळंबी चक्का, मेयोनेज, केशरी लोणी आणि आटवलेल्या रसाबरोबर मिक्सरमध्ये फिरवते, थांबत थांबत, तीन-चार वेळा. लोणी इतपत मऊ हवं की बोट सहज रुतेल, वितळलेलं नको. बाकीची दोन तृतीयांश कोळंबी सुरीनं चिरते, वाटाण्याएवढे तुकडे. मग फेसलेली मोहरी एक चमचा, सिरका, लसणीची पात, एक बिया काढलेली हिरवी मिरची बारीक चिरून, भरडलेली मिरी. उलथण्यानं हलकेच एकत्र करायचं.

आणि आता आमच्या सीकेपी घरांतली एक गोष्ट. मुंबईहून कोणी आलं की पिशवीतून सोडे, म्हणजे सोलून वाळवलेली कोळंबी, येतातच. आठ-दहा सोडे कोरड्या तव्यावर मंद भाजून, गार करून, पूड करा आणि अर्धा चमचा स्प्रेडमध्ये घाला. सोड्यांचा वास वेगळा ओळखू येत नाही, पण कोळंबीची चव दुप्पट वाटते. ताजी कोळंबी थोडी फिकी निघाली असेल तर हा उपाय हमखास लागू पडतो. सोडे नसतील तर अडून काही राहत नाही.

मीठ मी या टप्प्याला फक्त अर्धं घालते. थंड पदार्थातून वास कमी उठतो आणि चव दबते, मात्र आंबटपणा तितका दबत नाही. गरम असताना बरोबर लागलेलं मीठ फ्रीजमधून काढल्यावर कमी लागतं, आणि बरोबर लागलेलं लिंबू जास्त. म्हणून शेवटची चव दुसऱ्या दिवशी, स्प्रेड थंडगार असताना, ज्या खाखऱ्यावर वाढणार त्याच खाखऱ्यावर घेऊन बघायची. चमच्यानं नुसतं चाखू नका, खाखऱ्याचं मीठही त्यात धरावं लागतं.

मोल्डमध्ये लावून ताटात उलटं करायचं, असं पुष्कळांच्या मनात असतं. दिसायला छान, पण बडोद्याच्या उन्हाळ्यात जिलेटिनचा मोल्ड पंखा नसलेल्या खोलीत वीस मिनिटांत ढेपाळतो, कारण जिलेटिन तिशी-पस्तिशीच्या तापमानातच वितळतं. चायना ग्रास त्यापेक्षा टिकतं, एकदा धरलं की उकळत्या पाण्याच्या जवळपास तापवल्याशिवाय सुटत नाही. पण ते उकळून घालावं लागतं, आणि गार चक्क्यात ओतलं की लगेच गुठळ्या होतात. चक्का कोमट करून घ्यावा लागतो. मला विचाराल तर घरच्या पार्टीला एवढा खटाटोप करू नका. केशरी लोण्यामुळे स्प्रेड थंडीत आपोआप घट्ट होतं, वाटीत चेपून वरून सुरीनं रेघा ओढल्या तरी देखणं दिसतं. वाढायच्या आधी दहा मिनिटं बाहेर काढा, नाहीतर खाखरा मोडेल आणि स्प्रेड हलणार नाही.

कोळंबीऐवजी दुसरं काही चालेल का, हेही तुम्ही विचारलंय. सुरमई किंवा रावस वाफवून, काटे काढून, असंच करता येतं, चव सौम्य येते. खेकडा सगळ्यात सुरेख, पण तीस जणांसाठी खेकड्याचं मांस काढणं म्हणजे दोन माणसांची अख्खी दुपार. बोंबील नको, त्याच्या अंगात पाणीच इतकं असतं की या पदार्थात त्याचा निभाव लागत नाही. भरूचकडचा हिलसा चवीला राजा, पण स्प्रेड खाताना कोणी काटे बघत नाही, म्हणून तोही नको. फ्रोझन क्रॅब स्टिक म्हणून मिळतात त्यात खेकडा बहुधा नावापुरताच असतो, ती माशाच्या मांसाची लापशी असते आणि तिच्यात गव्हाचं पीठ, अंड्याचा पांढरा भाग असू शकतो. वापरायच्या तर पाहुण्यांना तसं सांगा. डब्यातला ट्यूना मिळाला तर तो घट्ट पिळून घ्या, बाकी कृती हीच. ऐनवेळी कोळंबी मिळाली नाही तर तो हाताशी असावा.

आता आजींचं. चरकसंहितेत मासे आणि दूध एकत्र खाणं हा विरुद्धाहार सांगितलाय, आणि आपल्या घरांत ते दह्यालाही लावतात. अशानं अंगावर कोड उठतं, ही समजूत मी लहानपणापासून ऐकत आले. आजच्या वैद्यकाला तसा संबंध आढळलेला नाही, आणि बंगाली घरांत दही घातलेला मासा पिढ्यान् पिढ्या रांधला जातोय. पण हे आजींना समारंभाच्या दिवशी समजावून सांगायचं नसतं. त्यांचा मान ठेवून त्यांच्यासाठी वेगळी वाटी करा, आणि ती नाइलाजाची वाटू देऊ नका.

माझी पद्धत अशी. एका नारळाचं पहिलं दाट दूध काढून रात्रभर फ्रीजमध्ये ठेवते. सकाळी वर लोण्यासारखा घट्ट थर येतो, खोबरेल साधारण चोवीस अंशांच्या खाली गोठतं त्यामुळे. तो थर चमच्यानं काढायचा, खालचं पाणी सोडून द्यायचं. २०० ग्रॅम शिजवलेली कोळंबी चिरून, त्यात हा थर, कोथिंबीर, हिरवी मिरची, लसणीची एकच पाकळी ठेचून, आणि आंबटपणाला आमसुलाचं आगळ चमचाभर. यात केशरी लोणी घालायचं नाही. रंग फिका गुलाबी येतो आणि चव सोलकढीच्या जवळ जाते. आजींना तर आवडेलच, पण जरा जास्तच करा, कारण माझ्या अनुभवात ही वाटी आधी संपते. उन्हाळ्यात मात्र ही बाहेर लवकर सैल पडते, डिसेंबरात काळजी नाही.

शाकाहारी निम्म्या मंडळींचंही तितक्याच आस्थेनं करायला हवं. त्यांचं स्प्रेड कोळंबीची पिशवी उघडायच्या आधी करून, डब्यात बंद करून, फ्रीजच्या वरच्या खणात ठेवा. उरलेला चक्का, गॅसवर भाजून साल काढलेली लाल सिमला मिरची, भाजलेले अक्रोड, तीच फेसलेली मोहरी, तीच लसणीची पात. मिरचीचंही पाणी चाळणीत निथळू द्या. वाढताना दोन्ही एका टेबलावर मांडू नका. वेगळं टेबल, वेगळे चमचे, वेगळी खाखऱ्यांची टोपली. आपल्या शेजारपाजारच्या जैन-वैष्णव घरांतून येणाऱ्या माणसाला चमचा चुकून इकडचा तिकडे गेला असेल का, ही शंकाही जेवू देत नाही. त्यांनी निर्धास्तपणे खावं एवढी व्यवस्था यजमानानं करायलाच हवी. जैन पाहुणे असतील तर त्या वाटीतून लसणीची पात वगळा. वाटीसमोर नावाची चिठ्ठी ठेवा आणि कोळंबीच्या चिठ्ठीवर "कोळंबी आहे" हे ठळक लिहा. कोळंबी-खेकड्याची अ‍ॅलर्जी बऱ्याच जणांना असते आणि काहींना ती जिवावर बेतू शकते. सोड्याची पूड चिमूटभर घातली असली तरी तीही धरा.

लावायला काय? साधा किंवा जिऱ्याचा खाखरा, चार तुकडे करून. मेथीचा खाखरा कोळंबीला दाबतो. कडक बिस्किट भाखरीही छान. पावाच्या पातळ चकत्या मंद तव्यावर कोरड्या भाजल्या तर त्या खाखऱ्यापेक्षा जास्त वेळ कुरकुरीत राहतात. आधीच लावून ताटं सजवू नका, पाच-सात मिनिटांत खाखरा मऊ पडतो. वाटी मध्ये, टोपली बाजूला, लहान सुऱ्या, आणि ज्याचं त्यानं लावून घ्यावं.

थंडाव्याच्या बाबतीत मी कोणाचंही ऐकत नाही. पाच ते साठ अंशांच्या मधे शिजलेल्या मासळीत जंतू झपाट्यानं वाढतात. फ्रीज चार अंशांवर किंवा त्याखाली हवा, आणि पार्टीच्या आदल्या दिवशी फ्रीज इतका ठासलेला असतो की आतली हवाच फिरत नाही. पाण्याच्या बाटल्या, सरबतं बाहेर काढून बर्फाच्या टबात ठेवा. स्प्रेड उथळ स्टीलच्या डब्यात भरा, काचेपेक्षा ते लवकर गार होतं, आणि झाकण घट्ट लावा, नाहीतर शेजारच्या श्रीखंडाला कोळंबीचा वास लागतो. वाढताना ७०० ग्रॅमची एक मोठी वाटी मांडू नका. दोनशे-दोनशे ग्रॅमच्या वाट्या, परातीत बर्फ पसरून त्यावर. एक संपली की दुसरी फ्रीजमधून. बाहेर आलेली वाटी दोन तासांच्या आत संपली नाही तर टाकून द्यायची, परत फ्रीजमध्ये नाही. मे महिन्यात, पारा चाळिशीच्या वर असताना, हीच मर्यादा एक तासाची. घरात कोणी गरोदर असेल तर तिच्यासाठी त्याच दिवशी, पूर्ण शिजवलेल्या कोळंबीचं ताजं करा, आदल्या दिवशीचं देऊ नका.

कामाची वाटणी अशी ठेवा. पार्टी शनिवारी असेल तर गुरुवारी रात्री दही फ्रीजमध्ये बांधायचं आणि नारळाचं दूध काढून ठेवायचं. शुक्रवारी सकाळी आधी शाकाहारी वाटी, मग बाजार, मग कोळंबी आणि सालाचं लोणी. आजींची वाटीही तेव्हाच. लोणी गोठायला तीन-चार तास लागतात, तोवर कोळंबी फ्रीजमध्ये कोरडी होत राहील. शुक्रवारी संध्याकाळी कालवायचं. शनिवारी दुपारी चाखून मीठ पूर्ण करायचं, आणि कडेला चमचाभर पाणी दिसलंच तर ढवळू नका, टिपकागदानं टिपून घ्या. लिंबू पिळायचं ते शेवटी, वाटी टेबलावर न्यायच्या क्षणी. फ्रीजबाहेर न आलेलं स्प्रेड रविवारपर्यंत चांगलं राहतं. फ्रीझरमध्ये ठेवू नका, चक्का फाटतो. रविवारी सकाळी ते पावाच्या दोन स्लाइसमध्ये भरून तव्यावर भाजा, आतलं केशरी लोणी वितळून पावात उतरतं.